चॅप्टर केसची नोटीस : घाबरू नये, फाडू नये

गावात दोन गटांत बोलाचाली होते. कधी कारण बांधाचे असते, कधी कॅनॉलच्या पाण्याच्या पाळीचे, कधी ग्रामपंचायतीच्या निवडणुकीचे, तर कधी भीमजयंतीच्या मिरवणुकीच्या मार्गाचे. कुणीतरी पोलीस ठाण्यात अर्ज देतो. काही दिवसांनी हवालदार घरी येतो, एक कागद हातात देतो, सही घेतो आणि अमुक तारखेला तहसील कचेरीत हजर राहा असे सांगून निघून जातो. कागदावर 'दंडाधिकारी' हा शब्द पाहिला की घरातील म्हातारी माणसे धसका घेतात. तरुण मुले मात्र चिडून तो कागद चुरगाळून टाकतात.

बारामती आणि इंदापूर तालुक्यांतील समाजबांधवांशी बोलताना आम्हाला या दोन्ही तऱ्हा नेहमी आढळतात. घाबरलेला माणूस पहिल्याच तारखेला जाऊन जिथे सांगतील तिथे अंगठा किंवा सही करून येतो आणि सुटलो असे समजतो. चिडलेला माणूस तारखेला जातच नाही, मग त्याच्यावर वॉरंट निघते. दोघांचेही नुकसान होते. म्हणून या नोटिशीचा कायदा काय आहे, तिला उत्तर कसे द्यावे आणि दंडाधिकाऱ्याचा आदेश चुकीचा असेल तर त्याविरुद्ध कोणत्या न्यायालयात जावे, हे साध्या भाषेत सांगण्याचा हा प्रयत्न आहे.

नाव कोठून आले?

लोक या प्रकरणाला 'चॅप्टर केस' म्हणतात. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या आठव्या चॅप्टरमध्ये ही कलमे होती, म्हणून हे नाव पडले. त्यातील कलम १०७ तर सर्वांच्या तोंडी होते. १ जुलै २०२४ पासून त्या संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ लागू झाली. आता ही कलमे नवव्या प्रकरणात आहेत. जुने १०७ ते नवे १२६, जुने १११ ते नवे १३०, जुने ११६ ते नवे १३५ आणि जुने ११७ ते नवे १३६. आकडे बदलले, आशय बहुतांशी तोच राहिला. म्हणून जुन्या कायद्यावरील निकाल आजही उपयोगी पडतात.

कलम १२६ असे सांगते की, एखादी व्यक्ती शांततेचा भंग करण्याचा संभव आहे अशी माहिती कार्यकारी दंडाधिकाऱ्यास मिळाली आणि कारवाईस पुरेसा आधार आहे असे त्याचे मत झाले, तर तो त्या व्यक्तीस 'शांतता राखण्याबद्दल बंधपत्र का घेऊ नये, याचे कारण दाखवा' असे विचारू शकतो. हे बंधपत्र जास्तीत जास्त एक वर्षाचे असते. तालुक्याला तहसीलदार आणि त्यांच्यावर प्रांत, म्हणजे उपविभागीय दंडाधिकारी, हे अधिकार वापरतात. ते महसूल खात्याचे अधिकारी असले तरी या कामापुरते त्यांना न्यायबुद्धीने वागावे लागते.

येथे एक गोष्ट मनावर ठसवावी. ही नोटीस शिक्षा नाही. तिच्यात कुणाला गुन्हेगार ठरविलेले नसते. तो एक प्रश्न असतो आणि प्रश्नाला उत्तर देण्याचा हक्क कायद्यानेच दिलेला आहे.

सही करून मोकळे होण्यात तोटा काय?

'एक सही केली तर काय बिघडले?' असे पुष्कळ जण म्हणतात. विद्यार्थ्यांनी तरी असे म्हणू नये. सरकारी नोकरीत निवड झाल्यावर चारित्र्य पडताळणीसाठी जो साक्षांकन नमुना भरून घेतात, त्यात अटक, खटला, शिक्षा यांच्याबरोबरच 'आपणास कधी बंधपत्राने बांधून घेतले होते काय?' असाही प्रश्न असतो. तेथे खोटे लिहिले तर नोकरी जाण्याचा धोका, आणि खरे लिहिले तर खुलासा देत बसावे लागते. पोलीस भरतीची, सैन्यभरतीची तयारी करणारी आपली मुले पहाटे रस्त्यावर धावताना दिसतात. त्यांच्या बाबतीत ही सही फार महाग पडू शकते.

दुसरे असे की, बंधपत्राच्या मुदतीत शांतताभंग केल्याचे दंडाधिकाऱ्यासमोर सिद्ध झाले तर रक्कम जप्त होऊ शकते आणि उरलेल्या मुदतीसाठी कैदही होऊ शकते. पुढे तडीपारीचा प्रस्ताव निघाला तर त्यात जुन्या चॅप्टर केसची यादी जोडली जाते. तेव्हा ज्याने काही केलेले नाही त्याने केवळ कटकट टाळण्यासाठी बंधपत्र देणे शहाणपणाचे नाही.

एका पुणेकराने लढविलेले खटले

या विषयावरील देशातील प्रमुख निकाल एका मराठी माणसाच्या नावाने ओळखले जातात. ते म्हणजे समाजवादी नेते मधु लिमये. त्यांचा जन्म १९२२ साली पुण्यात झाला, पण लोकसभेवर ते बिहारमधील मुंगेर येथून निवडून गेले. ६ नोव्हेंबर १९६८ रोजी त्यांना सहकाऱ्यांसह लखीसराय रेल्वे स्थानकावर अटक झाली. त्याच दिवशी त्यांनी सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिले आणि ते पत्रच याचिका म्हणून चालले. अटकेची कारणे सांगितली नव्हती, राज्यघटनेच्या अनुच्छेद २२ चा भंग झाला होता, म्हणून डिसेंबर १९६८ मध्ये न्यायालयाने त्यांना मुक्त केले. अनुच्छेद २२ मधील हे संरक्षण डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी १५ सप्टेंबर १९४९ रोजी घटना समितीत नव्या कलमाच्या रूपाने मांडले होते, हे आपण विसरू नये.

त्याच घटनाक्रमातून पुढे 'मधु लिमये विरुद्ध उपविभागीय दंडाधिकारी, मुंगेर' हा खटला सात न्यायमूर्तींच्या पीठासमोर गेला. ऑक्टोबर १९७० मध्ये निकाल लागला. कलम १०७ आणि कलम १४४ घटनाबाह्य आहेत हे म्हणणे न्यायालयाने मानले नाही, कायदा वैध ठरविला. पण तो वापरण्याची रीत घालून दिली. ज्याला कारण दाखवायचे आहे त्याला त्याच्यावरील आरोपाचा गाभा कळलाच पाहिजे. आणि चौकशी सुरू न करता, मिळालेल्या माहितीची सत्यता न तपासता, आधीच अंतरिम बंधपत्र मागता येणार नाही. या दोन मुद्द्यांवर आजही असंख्य चॅप्टर केस उभ्या राहतात किंवा कोसळतात.

नोटीस कशी वाचावी?

नोटीस हाती येताच ती कोणत्या तारखेला मिळाली हे तिच्यावर लिहून ठेवावे आणि तिची झेरॉक्स काढावी. मग पुढील गोष्टी पाहाव्यात.

कलम १३० प्रमाणे दंडाधिकाऱ्याने लेखी आदेश काढलेला असला पाहिजे. त्यात मिळालेल्या माहितीचा सारांश, बंधपत्राची रक्कम, मुदत आणि किती जामीनदार हवेत, हे सर्व नमूद असले पाहिजे. कलम १३२ प्रमाणे समन्स निघते आणि कलम १३३ प्रमाणे, समन्स असो वा वॉरंट, त्याच्यासोबत या आदेशाची नक्कल जोडणे कायद्याने बंधनकारक आहे. नुसते 'हजर राहा' असे लिहिलेला कागद पुरेसा नाही.

समजा, भिगवणकडील एखाद्या गावातील पाच तरुणांना नोटीस आली. तिच्यात 'तुम्ही भांडखोर प्रवृत्तीचे असून तुमच्यापासून शांततेस धोका आहे' एवढेच छापील वाक्य आहे आणि मोकळ्या जागेत फक्त नावे भरली आहेत. ही नोटीस सदोष म्हणावी लागेल. कोणत्या दिवशी, कोठे, कुणाशी, काय घडले, आणि आता पुन्हा काय घडण्याची भीती आहे, याचा पत्ता तिच्यात नाही. मग त्या तरुणांनी खुलासा कशाचा द्यायचा? याउलट तारीख, स्थळ, घटना आणि पुढील मिरवणुकीच्या दिवशी तंटा होण्याचे कारण दिले असेल, तर नोटीस कायदेशीर समजून तिच्यातील मजकुराला मुद्देसूद उत्तर द्यावे.

घटना किती जुनी आहे हेही पाहावे. ही कारवाई पुढील भंग टाळण्यासाठी असते, मागील भांडणाची शिक्षा देण्यासाठी नसते. जुने भांडण, ज्याचा खटला न्यायालयात चालूच आहे, केवळ तेवढ्यावर बंधपत्र मागितले असेल तर हा मुद्दा आवर्जून लिहावा.

पोलिसांकडून येणारी दुसरी एक नोटीस असते. ती जुन्या कलम १४९ ची, आता १६८ ची. ती पोलीस अधिकारी देतो. दखलपात्र गुन्हा करू नये अशी ती ताकीद असते. तिच्याने बंधपत्र मागता येत नाही. मोर्चा, सभा किंवा १ जानेवारीचा भीमा कोरेगाव दिन जवळ आला की अशा नोटिसा येतात. दोन्ही नोटिसांत गल्लत करू नये.

तारखेला काय करावे?

तारखेला जावे. वकील सोबत असावा. आजारपण, परीक्षा अशी अडचण असेल तर कलम १३४ प्रमाणे जातीने हजर राहण्यातून सूट मागता येते आणि वकिलामार्फत हजर राहता येते. विद्यार्थ्यांनी परीक्षेचे वेळापत्रक जोडून तसा अर्ज द्यावा.

खुलासा लेखीच द्यावा आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्क्यासह पोहोच घ्यावी. खुलाशात शिवीगाळ, जातीची सरसकट टीका, राजकारण आणू नये. आरोप नाकारायचा असेल तर कोणता भाग नाकारतो आणि का, हे लिहावे. त्या दिवशी आपण कारखान्यावर कामाला होतो, महाविद्यालयात होतो असा पुरावा असेल तर तो जोडावा. पोलिसांचा अहवाल आणि साक्षीदारांचे जबाब यांच्या नकला मागाव्यात.

त्यानंतर कलम १३५ प्रमाणे चौकशी व्हावी लागते. समन्स खटल्यात पुरावा नोंदवितात त्याच पद्धतीने ती चालते. म्हणजे अर्जदाराला आणि पोलिसांच्या साक्षीदारांना येऊन सांगावे लागते, आणि आपल्याला उलटतपासणी घेता येते, आपले साक्षीदार देता येतात. साक्ष न घेता, केवळ पोलीस अहवाल वाचून बंधपत्राचा अंतिम आदेश काढणे योग्य नव्हे. प्रत्येक तारखेला काय झाले ते रोजनाम्यात येते आहे ना, याकडे लक्ष ठेवावे. पुढे न्यायालयात हाच रोजनामा बोलतो.

अंतरिम बंधपत्र मागितले तर तीन प्रश्न विचारावेत. चौकशी सुरू झाली आहे काय? तातडीची गरज कोणती? तिची कारणे लेखी नोंदविली आहेत काय? तिन्हींची उत्तरे होकारार्थी असल्याशिवाय असा आदेश टिकू नये.

चौकशी सुरू झाल्यापासून सहा महिन्यांत संपली पाहिजे. नाही संपली तर विशेष कारणे नोंदवून मुदत वाढविलेली नसल्यास प्रकरण आपोआप संपते. मुदत विनाकारण वाढविली असेल तर सत्र न्यायाधीशांकडे अर्ज करून ती रद्द करून घेता येते. तारखांवर तारखा पडत असताना हा हिशोब ठेवणारा मनुष्य आमच्या पाहण्यात विरळाच.

जामीनदाराबद्दलही सांगणे जरूर आहे. सातबारा असलेलाच जामीनदार आणा, तालुक्यातलाच आणा, असा आग्रह धरला जातो. आपल्यातील कितीतरी कुटुंबे भूमिहीन आहेत, आणि इंदापूरकरांचे निम्मे सोयरे भीमा-नीरेच्या पलीकडे सोलापूर जिल्ह्यात असतात. रक्कम अवाजवी नसावी असे कायदा सांगतो. जामीनदार नाकारायचा तर चौकशी करून कारणे नोंदवावी लागतात. १९७८ साली मोती राम या गवंड्याच्या खटल्यात, त्याच्या भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून त्याला जामीनदार म्हणून नाकारणे सर्वोच्च न्यायालयाने चूक ठरविले. तो खटला जामिनावर सुटण्याबद्दल होता, पण त्यातील तत्त्व येथेही मांडता येते.

आदेशाला आव्हान कोठे द्यावे?

चौकशीअंती कलम १३६ खाली बंधपत्राचा आदेश झाला, तर कलम ४१४ प्रमाणे सत्र न्यायालयात अपील करता येते. मुदत ३० दिवसांची आहे. बारामतीला अतिरिक्त सत्र न्यायालय असल्यामुळे त्यासाठी पुण्याला हेलपाटे घालावे लागत नाहीत. आदेशाची प्रमाणित नक्कल त्याच दिवशी मागावी.

अपील नसलेल्या आदेशाविरुद्ध कलम ४३८ खाली पुनरीक्षण अर्ज, म्हणजे रिव्हिजन, करता येते. तिची मुदत ९० दिवस. मात्र नुसत्या कारणे दाखवा नोटिशीविरुद्ध रिव्हिजन केली, तर 'हा मधला आदेश आहे, आधी तिथेच उत्तर द्या' असे सरकारी पक्ष म्हणतो, आणि न्यायालयेही पुष्कळदा तसेच म्हणतात. येथे पुन्हा मधु लिमये यांचेच नाव येते. १९७७ च्या 'मधु लिमये विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या निकालात, प्रत्येक मधला आदेश हा निव्वळ अंतरिम नसतो, आणि कार्यवाही म्हणजे कायद्याचा दुरुपयोग असेल तर उच्च न्यायालयाचे अंगभूत अधिकार बंद होत नाहीत, असे ठरले. तो खटला अब्रूनुकसानीचा होता, पण तत्त्व सर्वत्र लागू पडते.

उच्च न्यायालयाचे हे अंगभूत अधिकार आता कलम ५२८ मध्ये आहेत. शिवाय अनुच्छेद २२६ आणि २२७ खाली रिट याचिका करता येते. नोटिशीत माहितीचा सारांशच नाही, दंडाधिकाऱ्यास अधिकारच नाही, किंवा बंधपत्र देता आले नाही म्हणून माणूस बेकायदा कोठडीत आहे, अशा वेळी उच्च न्यायालयाचा मार्ग धरावा. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले आहे. सोलापूर, सातारा जिल्ह्यांतील शेजारी तेथे जातात. पुणे जिल्हा त्यात नाही, म्हणून बारामती आणि इंदापूरच्या याचिका मुंबईलाच जातात.

जमावबंदीचा आदेश, म्हणजे जुने १४४, हे आता कलम १६३ आहे. तो साधारणपणे दोन महिन्यांपलीकडे चालत नाही. तो बदलावा किंवा मागे घ्यावा असा अर्ज त्याच दंडाधिकाऱ्याकडे करता येतो आणि अर्जदाराचे म्हणणे लवकर ऐकणे बंधनकारक आहे. अर्ज फेटाळला तर कारणे द्यावी लागतात.

कलम १७० खाली पोलिसांनी कुणाला उचलून नेले, तर चोवीस तासांपेक्षा अधिक वेळ त्याच आधारावर ठेवता येत नाही. अटकेचे कारण विचारावे, वकिलाला बोलवावे आणि नेल्याची वेळ लिहून ठेवावी.

वकिलाची फी आणि खोटे अर्ज

'वकिलाला द्यायला पैसे कोठून आणायचे?' हा खरा प्रश्न आहे. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. १९९० च्या दुरुस्तीने अनुसूचित जातीतून बौद्ध झालेल्यांनाही अनुसूचित जातीत धरले गेले, म्हणून हा हक्क आपलाही आहे. महिलांनाही तो आहे. न्यायालयाच्या आवारात तालुका विधी सेवा समिती असते. जातीचा दाखला आणि नोटिशीची नक्कल घेऊन तेथे अर्ज द्यावा.

अन्यायाविरुद्ध तक्रार दिली की समोरची बाजू उलट अर्ज करते, आणि मग 'दोघांवरही चॅप्टर' असा सोपा मार्ग काढला जातो. अशा वेळी आपल्याविरुद्ध स्वतंत्र माहिती काय आहे, हे विचारावे. परस्परविरोधी पक्षांना एकाच मोटेत बांधणे बरोबर नाही. अनुसूचित जातीच्या व्यक्तीविरुद्ध खोटी, द्वेषमूलक कार्यवाही करणे, किंवा लोकसेवकाला खोटी माहिती देऊन त्याच्या अधिकाराने तिला त्रास देणे, हा १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याने गुन्हा आहे. पण हे शस्त्र पुरावा हातात असेल तेव्हाच उपसावे. आणि हेही ध्यानात ठेवावे की, आपल्या वस्तीला कुणी धमकावत असेल तर याच कलम १२६ खाली आपणही संरक्षण मागू शकतो.

महाडचा धडा

बंदी हुकमाशी आपली ओळख आजची नाही. १४ डिसेंबर १९२७ रोजी महाडच्या दिवाणी न्यायालयाने चवदार तळ्यावर जाण्यास तात्पुरती मनाई केली. त्याच महिन्याच्या अखेरीस हजारो लोक सत्याग्रहासाठी जमले होते, रक्त तापलेले होते. बाबासाहेबांनी सत्याग्रह तहकूब केला. तळ्याभोवती शिस्तबद्ध मिरवणूक निघाली आणि लोक घरी गेले. पण तो हुकूम त्यांनी कधी न्याय्य मानला नाही. खालच्या न्यायालयापासून मुंबई उच्च न्यायालयापर्यंत त्यांनी तो दावा लढविला, आणि १७ मार्च १९३७ रोजी न्या. ब्रूमफील्ड यांच्या निकालाने तो कायमचा जिंकला. जवळजवळ दहा वर्षे लागली.

हुकूम मोडला नाही आणि हुकमापुढे मानही तुकविली नाही. चॅप्टर केसच्या नोटिशीला यापेक्षा वेगळे उत्तर नाही. तेव्हा नोटीस आली की पहिल्या दिवशी ती समाजातील जाणत्या माणसाला दाखवावी, दुसऱ्या दिवशी विधी सेवा समितीत किंवा वकिलाकडे जावे, आणि तारखेला लेखी खुलासा घेऊन ताठ मानेने दंडाधिकाऱ्यासमोर उभे राहावे. वस्तीतील शिकलेल्या मुलांनी हे काम आपले समजावे. एका म्हाताऱ्या माणसाची नोटीस वाचून त्याला तिचा अर्थ सांगणे, हीसुद्धा समाजसेवाच आहे.

जयभीम!